गोष्ट नाही, पण चाळीस तासांचे फुटेज आहे

प्रश्न : मी नोकरी सांभाळून गेली दोन वर्षे सुट्टीच्या दिवशी ठाणे खाडीच्या काठाने चित्रण करतो आहे. जवळजवळ चाळीस तासांचे फुटेज जमले आहे. पण संकलनाला बसलो की हात चालत नाही. मित्र म्हणतात, ‘आधी गोष्ट लिही.’ एकट्याने प्रायोगिक चित्रपट करणारे कलावंत पटकथेविना कामाची दिशा कशी ठरवतात?
— एक वाचक, ऐरोली

उत्तर : आपल्या मित्रांचा सल्ला कथापटासाठी योग्य आहे, आपल्या कामासाठी नाही. या वाटेने जाणारा कलावंत बहुधा गोष्टीऐवजी एखादे साहित्य आणि त्याला लावायचा एखादा नियम निवडतो, आणि तो नियम नेईल तिकडे जातो. अमेरिकेतील स्टॅन ब्रॅकेज यांनी १९६३ साली ‘मॉथलाइट’ हा चार मिनिटांहून लहान चित्रपट कॅमेऱ्याविनाच केला : पतंगांचे पंख, पाकळ्या आणि गवताची पाती त्यांनी १६ मिलिमीटरच्या दोन पारदर्शक चिकटपट्ट्यांमध्ये दाबून बसवली. आपल्याकडे फिल्म्स डिव्हिजनमध्ये प्रमोद पती यांनी १९७२ मधील ‘आबिद’साठी जिवंत माणसालाच, म्हणजे चित्रकार आबिद सुरती यांना, बाहुलीसारखे एकेका चौकटीने (फ्रेमने) हलवले. सरकारी खात्यात हे घडले, याचे मला अजून नवल वाटते.

आपल्यापाशी साहित्य आहे, नियम नाही. एक सुचवतो. खाडीचा स्वतःचा क्रम आहे. ओहोटीच्या तळापासून भरती पूर्ण होईपर्यंत साधारण सव्वासहा तास लागतात, अमावास्या-पौर्णिमेच्या उधाणात पाणी तिवरांत खोलवर शिरते आणि अष्टमीच्या सुमारास भांग, म्हणजे लहान भरतीचा काळ, असतो तेव्हा ते अलीकडेच थांबते. प्रत्येक फाइलवर तारीख-वेळ नोंदलेली असतेच. ती भरतीच्या तक्त्याशी ताडून पाहा आणि चढत्या पाण्याची सगळी दृश्ये चित्रणाच्या क्रमाने न लावता पाण्याच्या उंचीच्या क्रमाने लावा. दोन वर्षांतले वेगवेगळे दिवस मिळून पडद्यावर एकच भरती येईल. चिखलात रुतलेली होडी पुढच्या दृश्यात तरंगेल, पण मधल्या काळात तिचा रंग बदललेला असेल. ऐरोली पुलावरचे वैशाखातले ऊन पुढच्याच क्षणी श्रावणातले होईल. असे सांधे आधी लिहून सुचत नाहीत.

फ्लेमिंगोंची दृश्ये मात्र पहिल्या जुळणीत बाजूला ठेवा. गुलाबी थवा दिसला की प्रेक्षक पाण्याकडे पाहणे सोडतो, आणि कॅमेऱ्यामागे आपणही सोडले असणार.

काही नव्याने चित्रित करायचे असेल, तर हिशेब आधी करा. दर मिनिटाला एक चौकट घेतली, तर सव्वासहा तासांच्या ३७५ चौकटी होतात आणि सेकंदाला २४ या गतीने त्या सोळा सेकंदांत संपतात. दर दहा सेकंदांना एक घेतली, तर २,२५० चौकटी, म्हणजे दीड मिनिटाहून किंचित अधिक. पाणी चढताना दिसावे की चढल्याचे मागाहून कळावे, हे त्या आकड्यावर ठरेल.