जिवंत दगड लिहिण्याआधी

तुझ्या कथेतला जिवंत दगड मनापासून आवडला. पण तो पहिल्याच पानावर बोलू लागला, तिथे मी अडखळलो. बोलणं राहू दे. आधी तो खातो काय, वाढतो किती आणि त्याला दुखतं कधी, ते ठरव.

भरती-ओहोटीचं वेळापत्रक बघून वरळीच्या खडकाळ किनाऱ्यावर जा. तिथे प्रवाळ दिसेल. हात मात्र लावू नकोस, त्याला कायद्याचं संरक्षण आहे. तो इवलासा जीव समुद्राच्या पाण्यातलं कॅल्शियम घेऊन स्वतःखाली चुनखडीचा सांगाडा रचत जातो. म्हणजे जीवाने दगड घडवणं ही जादू नाहीच! तुझा दगडही खारा वारा खाऊन दर पावसाळ्यात नखाएवढा वाढला, तर त्या दगडाचं घर बांधणाऱ्याला नातवंडांच्या उंबरठ्याचाही विचार करावा लागेल. बघ, इथेच गोष्ट सुरू झाली.

मग अंधेरीची गिल्बर्ट हिल ही टेकडी बघ. सुमारे ६.६ कोटी वर्षांपूर्वीचा लाव्हा थंड होताना आकसला, तडकला आणि त्याचे उभे खांब झाले. तुझ्या दगडाची पहिली आठवण त्या तडकण्याचीच असली तर? मला तरी हे त्याच्या सगळ्या संवादांपेक्षा मोलाचं वाटतं.

जादूचे नियम दोन-तीन पुरेत. पण त्या दगडावर छिन्नी ठेवणारा पाथरवट हवाच. पहिला घाव घालण्याआधी तो काय पुटपुटतो, एवढा एकच प्रसंग लिहून पुढच्या बैठकीला आण.