डीएलएल: ती की तो, आणि 'मिसिंग' म्हणजे नेमकं काय

नौपाड्यातल्या एका ताईंनी विचारलंय. मुलाच्या लॅपटॉपवर अभ्यासाचा एक प्रोग्राम उघडायला गेलं की मेसेज येतो, व्हीसीरनटाइम140.डीएलएल सापडली नाही म्हणून. डीएलएलचं पूर्ण नाव डायनॅमिक लिंक लायब्ररी, ते भाषांतराच्या ॲपमध्ये टाकलं तर 'गतिमान दुवा ग्रंथालय' असं आलं, आणि स्टेशनजवळचा रिपेअरवाला म्हणतो 'डीएलएल उडालाय, रजिस्टर करावा लागेल'. तर ताईंचं म्हणणं, याला मराठीत धड शब्द काय, तो डीएलएल की ती डीएलएल, आणि हे रजिस्टर करणं काय प्रकरण आहे.

लिंगाचं आधी सांगतो, ते लवकर मिटतं. ती डीएलएल. इंग्रजी अक्षरांची अशी नावं मराठीत आली की आपण नकळत मागचा शब्द बघतो आणि त्याचं लिंग देतो, म्हणून ओटीपी आला कारण नंबर आला, ईएमआय भरला कारण हप्ता भरला, एसटी चुकली कारण गाडी चुकली, पीडीएफ आली कारण फाइल आली. डीएलएल ही फाइल आहे आणि लायब्ररीही आहे, दोन्ही स्त्रीलिंगी, त्यामुळे 'डीएलएल उडाली' म्हणायचं. अनेकवचनात शब्द तसाच राहतो, क्रियापदावरून कळतं, 'दोन डीएलएल सापडल्या नाहीत'. 'डीएलएल्स' पण ऐकू येतं, नवी मुंबईत महापे-ऐरोलीच्या सॉफ्टवेअर कंपन्यांमधे तर सर्रास, पण लिहिताना त्याची काही गरज नाही. आणि मधे टिंबं देऊ नका, पीडीएफला आपण देतो का?

आता मुख्य प्रश्न. 'गतिमान दुवा ग्रंथालय' यातला प्रत्येक शब्द डिक्शनरीत सापडेल, पण तिघं मिळून काहीच सांगत नाहीत, आणि मला याचं खरंच वाईट वाटतं कारण मूळ नाव खूप नेमकं आहे, ते नीट कळलं तर फाइल सापडत नाही म्हटल्यावर काय करायचं ते त्या नावातूनच कळतं.

लायब्ररीपासून सुरू करू. विंडो उघडणं, सेव्ह करायची चौकट दाखवणं, प्रिंट काढणं, अक्षरं स्क्रीनवर उमटवणं ही कामं जवळजवळ प्रत्येक प्रोग्रामला लागतात. प्रत्येकाने ती स्वतःच्या पोटात घेऊन फिरायचं ठरवलं तर प्रोग्राम अवजड होतात आणि मेमरीत तोच मजकूर दहा वेळा भरला जातो. म्हणून ही कामं एका वेगळ्या फाइलीत लिहून ठेवायची आणि ज्याला लागेल त्याने तिथून वापरायची. ठाण्याचं मराठी ग्रंथसंग्रहालय 1893 पासून उभं आहे ते याच विचारावर, प्रत्येक घरात प्रत्येक पुस्तक नको, एक प्रत सगळ्यांना पुरते. विंडोजने हे पहिल्यापासून केलंय, 1985 सालची विंडोज 1.0 अवघ्या 256 केबी मेमरीवर चालायची होती, तेव्हा सामायिक ठेवल्याशिवाय गत्यंतरच नव्हतं. कर्नल (मेमरी आणि फाइली सांभाळणारं), यूजर (विंडो, कीबोर्ड आणि माऊस बघणारं) आणि जीडीआय (चित्रं आणि अक्षरं काढणारं) ही तिची तीन मुख्य अंगं तेव्हापासून याच पद्धतीने वापरली जातात. पण ग्रंथालय हा शब्द इथे नको, ग्रंथ म्हटला की छापील पुस्तकच डोळ्यापुढे येतं, लायब्ररी हा शब्द मराठीत इतका मुरलाय की 'लायब्ररीत' असं आपण सहज म्हणतो, तोच ठेवावा.

मग लिंक. भाषांतर करणाऱ्या ॲपने 'दुवा' घेतला कारण वेबवरच्या लिंकला आपण दुवा म्हणतो. पण इथली लिंक ही क्रिया आहे, जोडणी. प्रोग्राम लिहून झाला की त्याचे तुकडे एकमेकांना जोडणारं एक साधनच असतं, त्याला लिंकर म्हणतात. तिथे 'दुवा' शब्द वापरला की वाटतं कुठेतरी क्लिक करायचंय.

आणि डायनॅमिक, सगळी गडबड इथे आहे. भौतिकशास्त्रात डायनॅमिक्सला गतिकी म्हणतात, तिथे ते बरोबरच आहे, गतीचाच अभ्यास असतो तो. पण लायब्ररीच्या नावात गतीचा काही संबंध नाही, इथे मुद्दा वेळेचा आहे, जोडणी कधी होते याचा. प्रोग्राम बनवतानाच लायब्ररी त्यात कायमची बसवून टाकली तर ती स्टॅटिक जोडणी, आणि नुसतं नाव लिहून ठेवलं की अमुक फाइलीतलं तमुक काम मला लागेल, आणि प्रत्यक्ष जोडणी तुम्ही प्रोग्राम चालवाल तेव्हा झाली, तर ती डायनॅमिक. म्हणून मी 'चालवताना जोडली जाणारी लायब्ररी' म्हणेन, लांब आहे पण खरं आहे, आणि एकदा समजावून झालं की पुढे डीएलएल म्हणावं. या सगळ्या जातीला मिळून शेअर्ड लायब्ररी म्हणतात, लिनक्सवर तिच्या फाइलींचं शेपूट एसओ असतं आणि मॅकवर डायलिब, तिला मात्र 'सामायिक लायब्ररी' हा तयार शब्द आहे. सामायिक भिंत, सामायिक विहीर, सामायिक खातं असं आपण पिढ्यानपिढ्या बोलतोय.

सामायिक म्हटलं की भांडणं आलीच. नव्वदच्या दशकात कुठलाही प्रोग्राम इन्स्टॉल करताना तो आपल्यासोबतची डीएलएल विंडोजच्या फोल्डरात आधीच्या प्रतीवर टाकून द्यायचा, आणि दुसराच कुठला तरी प्रोग्राम बंद पडायचा कारण त्याला आधीचीच आवृत्ती हवी होती. याला तेव्हा डीएलएल हेल, म्हणजे डीएलएलचा नरक, म्हणायचे. विंडोज 2000 मधे सिस्टमच्या फाइलींना संरक्षण आलं, आणि पुढे एक्सपीपासून एकाच लायब्ररीच्या वेगवेगळ्या आवृत्त्या शेजारी शेजारी ठेवायची सोय झाली, तेव्हापासून तो त्रास बराच कमी झालाय.

ताई, एक गोष्ट डोळ्यांनी बघण्यासारखी आहे. कुठल्याही डीएलएलची एक कॉपी डेस्कटॉपवर घ्या आणि ती कॉपी नोटपॅडमधे उघडा, सेव्ह काहीही करू नका. अगम्य चिन्हांचा चिखल दिसेल पण अगदी सुरुवातीची दोन अक्षरं रोमनमधे वाचता येतील, एम आणि झेड. मार्क झ्बिकोव्स्की नावाच्या मायक्रोसॉफ्टच्या इंजिनियरची ही आद्याक्षरं, डॉसच्या, म्हणजे विंडोजआधीच्या नुसत्या कमांडवर चालणाऱ्या सिस्टमच्या, काळापासून चालत आलेली. आणि थोडं पुढे बहुतेक फाइलींत एक अख्खं इंग्रजी वाक्य सापडेल, हा प्रोग्राम डॉसमधे चालणार नाही अशा अर्थाचं. आता एखादी ईएक्सई, म्हणजे प्रोग्राम सुरू करणारी फाइल, तशीच उघडा, तीच अक्षरं, तेच वाक्य. म्हणजे डीएलएल आणि ईएक्सई आतून एकाच घडणीच्या, मी डीएलएल आहे असं सांगणारी एक खूण वरच्या माहितीत असते एवढंच, आणि डीएलएल स्वतःहून सुरू होत नाही, कोणीतरी तिला बोलवावं लागतं.

आता 'मिसिंग'. विंडोज एक्सपीच्या मेसेजमधे शब्द होते 'वॉज नॉट फाउंड', विंडोज 7 मधे ते झालं 'इज मिसिंग फ्रॉम युअर कॉम्प्युटर', आणि विंडोज 10 मधे परत 'वॉज नॉट फाउंड' आलं. आपल्या बोलण्यात मधलंच रुजलं, मिसिंग, आणि मराठीत त्याचं झालं गहाळ, हरवली, उडाली. पण हरवली म्हणायला ती आधी असायला हवी ना, बऱ्याचदा ती त्या मशीनवर कधी आलेलीच नसते. 'सापडली नाही' हेच बरोबर आहे, कारण विंडोज अख्खा कॉम्प्युटर शोधत नाही, ठराविक जागाच बघतं, साधारणपणे आधी प्रोग्रामचा स्वतःचा फोल्डर, मग सिस्टम32 हा विंडोजच्या स्वतःच्या फाइलींचा फोल्डर, मग विंडोजचा फोल्डर, मग पाथमधे, म्हणजे विंडोजच्या सेटिंगमधल्या फोल्डरांच्या यादीत, लिहून ठेवलेल्या जागा. फाइल डाउनलोड्समधे पडलेली असली तरी मेसेज हाच येणार. आणि कधी कधी मेसेज येतो की एंट्री पॉइंट सापडला नाही, तिथे फाइल सापडलेली असते पण हवं ते काम तिच्यात नसतं, म्हणजे बहुतेक वेळा आवृत्ती चुकीची.

मग तुमची व्हीसीरनटाइम140. हे नाव पण वाचता येतं. व्हीसी म्हणजे व्हिज्युअल सी++, मायक्रोसॉफ्टचं प्रोग्राम लिहायचं साधन, रनटाइम म्हणजे चालताना लागणारी, आणि 140 म्हणजे आवृत्ती 14.0, ते साधन ज्यात येतं त्या व्हिज्युअल स्टुडिओ 2015 ची. जुन्या फाइली एमएसव्हीसीआर100, 110, 120 अशा, त्या अनुक्रमे 2010, 2012 आणि 2013 च्या, 130 नाहीच, थेट 140 आली, आणि 2017, 2019, 2022 ने तेच 140 पुढे चालू ठेवलं. म्हणजे ही फाइल तुमच्या मुलाच्या प्रोग्रामची नाही आणि मुळात विंडोजचीही नाही, ती मायक्रोसॉफ्टच्या व्हिज्युअल सी++ रीडिस्ट्रिब्युटेबल नावाच्या पॅकेजची आहे. ते पॅकेज मायक्रोसॉफ्टच्याच साइटवरून फुकट मिळतं, ते घ्या आणि बसवा. एक्स64 (64-बिट) आणि एक्स86 (32-बिट) असे दोन प्रकार दिसतील, मशीन 64-बिट असलं तरी दोन्ही बसवा, कारण 32-बिट प्रोग्रामला 32-बिटच डीएलएल लागते. आधीपासून बसवलेलं असेल तर ॲप्सच्या यादीत त्याचं नाव शोधून मॉडिफाय आणि मग रिपेअर करा. त्यानेही नाही झालं तर अँटिव्हायरसने काही उचलून क्वारंटाइनमधे, म्हणजे संशयित फाइलींच्या कोंडवाड्यात, टाकलंय का बघा आणि मग तो प्रोग्राम काढून परत इन्स्टॉल करा.

एक करू नका, कळकळीने सांगतो. फक्त तेवढीच एक डीएलएल देणाऱ्या साइट असतात, नाव टाकलं की पहिल्यांदा त्याच वर येतात. तिथली फाइल कुठली, कोणत्या आवृत्तीची, आत काय घातलंय, काही कळायला मार्ग नाही, आणि डीएलएल म्हणजे चालणारा कोड, तो प्रोग्रामच्या सगळ्या अधिकारांनिशी चालतो. शिवाय 32-64 चा घोळ होतो तो वेगळाच, मग 0xc000007b असल्या शेपटाचा एरर येतो आणि माणूस आणखी चक्रावतो. त्यात नावं पण फसवी आहेत, 64-बिट विंडोजवर सिस्टम32 मधे 64-बिट फाइली असतात आणि सिसवॉव64 मधे 32-बिट. असंख्य जुन्या प्रोग्राममधे सिस्टम32 हे नाव लिहिलेलं होतं म्हणून ते बदललं नाही, आणि वॉव म्हणजे विंडोज 64 वरचं 32-बिट विंडोज, म्हणून ते नाव. हाताने फाइल टाकणारा माणूस हमखास उलट्या जागी टाकतो.

विंडोजची स्वतःची डीएलएल बिघडली असेल तर गोष्ट वेगळी, तिथे ॲडमिनिस्ट्रेटर म्हणून कमांड प्रॉम्प्ट उघडून एसएफसी, स्पेस, स्लॅश स्कॅननाऊ ही कमांड द्यायची, ती सिस्टमच्या फाइली तपासून दुरुस्त करते. पण ती दुसऱ्या कुठल्या प्रोग्रामची डीएलएल आणून देणार नाही.

राहिलं रजिस्टर करणं. काही डीएलएल अशा असतात की दुसरे प्रोग्राम त्यांना फाइलीच्या नावाने बोलवत नाहीत, एका ठराविक ओळख क्रमांकाने बोलवतात, आणि तो क्रमांक कुठल्या फाइलीचा हे विंडोजच्या रजिस्ट्रीत, म्हणजे तिच्या सेटिंगच्या नोंदवहीत, लिहावं लागतं. कॉम नावाची पद्धत आहे ती, आणि ही नोंद करून देणारी कमांड म्हणजे रेगएसव्हीआर32. मराठीत नोंदणी म्हटलं तर अगदी चपखल बसतं. पण ही सोय त्या फाइलीत लिहिलेली असेल तरच चालते, नसेल तर कमांड सांगते की मॉड्यूल लोड झालं पण डीएलएल रजिस्टर सर्व्हर हा एंट्री पॉइंट मिळाला नाही. व्हीसीरनटाइम140 वर ती चालवलीत तर हेच उत्तर येईल, म्हणून फाइल खराब आहे असं समजू नका, तिला नोंदणी लागतच नाही.