क्रिबेन्सिस माशांची जोडी तिसऱ्यांदा अंडी घालून खाऊन टाकतेय, अंडी वेगळी काढू का?

नका काढू राव, आईबापांकडेच राहू द्यात. मी कोल्हापुरातच सात-आठ वर्षं क्रिबेन्सिस पाळतोय आणि तुमचा प्रश्न वाचताना मला पहिली शंका आली ती त्या दोन सकर माशांवर, जे तुम्ही "काच साफ करायला" म्हणून शेवटी सहज लिहिलेत. रात्री लाईट बंद केली तेव्हा अंडी होती आणि सकाळी नव्हती असं म्हणताय ना, मग जोडीला का दोष देताय? अंधारात क्रिबला काही दिसत नाही आणि सकर रात्रीच हिंडतो, अंडी म्हणजे त्याला आयतं ताट. आधी ते दोघं दुसऱ्या टँकमध्ये हलवा. कोरीडोरास (तळाशी फिरणारे छोटे मासे) पण नको, पिल्लं झाली की ही जोडी त्यांचे डोळे फोडते.

अंडी वेगळी काढायचा प्रयोग मी केलाय. अंडी चिकटलेली नारळाची करवंटी अलगद उचलून एअर स्टोनजवळ (हवेचे बुडबुडे सोडणारा दगड) ठेवली, दुसऱ्या दिवशी निम्म्या अंड्यांवर पांढरा कापूस, म्हणजे बुरशी, धरला आणि तिसऱ्या दिवशी सगळी गेली. मादी आत बसून पर हलवत सतत पाणी खेळतं ठेवते, खराब झालेलं अंडं वेचून खाते, ते काम आपल्याला जमत नाही. पहिल्या एक-दोन वेळेला नवी जोडी घाबरून खाते पण, तेवढं सोडून द्यायचं.

गुहेला मी नारळाची करवंटीच वापरतो, दोन-तीनदा उकळून, काठाला मादी आत जाईल आणि नर जेमतेम शिरेल एवढी खाच पाडून, वाळूवर पालथी. नाहीतर कुंभाराकडची छोटी मातीची कुंडी. अंडी आत छताला चिकटवलेली असतात म्हणून बाहेरून दिसत नाहीत, सारखं उचलून बघू नका. मादीचं पोट जांभळट लाल झालं आणि ती नरासमोर अंग वाकडं करून थरथरायला लागली की समजायचं. पाणी २६-२७ अंश असेल तर तीनेक दिवसात अंडी फुटतात, आठवड्याभरात पिल्लं पोहायला लागतात. पुढचं बघण्यासाठीच मी हे मासे पाळतो. आई पोटाखालचे पर झटकते आणि सगळी पिल्लं एकदम वाळूला चिकटून गप्प बसतात, एखादं लांब गेलं तर तोंडात धरून आणते आणि घोळक्यात थुंकते. संध्याकाळी गोळा करून परत गुहेत नेते, त्यामुळे लाईट एकदम बंद करू नका, खोलीतला दिवा थोडा वेळ चालू ठेवा.

पिल्लांना खायला आर्टेमिया (खाऱ्या पाण्यातले बारीक जिवंत किडे) पाहिजेच. बाटलीत लिटरला दीड-दोन मोठे चमचे जाडं मीठ, त्यात आर्टेमियाची अंडी टाकून पंपाची नळी सोडायची, एक-दीड दिवसात निघतात, गाळून गोड्या पाण्याने धुऊन द्यायचे. आठवड्यात दोनदा थोडं थोडं पाणी बदला, फिल्टर स्पंजचाच ठेवा, बाकीचे पिल्लं ओढून घेतात.

पाण्याचा पीएच (पाणी किती आम्ल किंवा अल्कली आहे ते) मात्र तपासा. आपल्याकडे नळाचं वेगळं, बोअरचं वेगळं. हे मासे नायजेरिया-कॅमेरूनकडच्या नद्यांतले (दुकानात क्रिबेन्सिस म्हणून मिळतो तो खरा पेल्विकाक्रोमिस पल्चर, क्रिबी हे कॅमेरूनमधलं गाव, तिथला मासा वेगळा), आणि यांच्या पिल्लांत नर किती मादी किती हे पहिल्या काही आठवड्यांतल्या पीएचवर बरंचसं ठरतं, आम्लाकडे गेलं की नर जास्त. बोअरच्या पाण्यात मला एकदा जवळपास सगळ्या माद्याच मिळाल्या. तेव्हापासून पावसाळ्यात पहिले दोन-चार पाऊस सोडून गच्चीवरचं पाणी भरून ठेवतो, नळाच्या पाण्यात मिसळतो, देशी बदामाची वाळकी पानं टाकतो आणि साडेसहाच्या आसपास ठेवतो, आता दोन्ही निघतात.

महिन्याभरात जोडी परत लाल व्हायला लागली, पिल्लांना हाकलायला लागली की मगच पिल्लं काढा. आणि आत्ता करवंटीत अंडी असतील तर सकर आजच काढा, रात्र व्हायच्या आत.