धंदा वाढला, पण प्रत्येक निर्णय अजून माझ्याकडेच येतो. काय करू?

इंदूरला राजवाड्याजवळ फराळाचं दुकान, विजयनगरला दुसरं, सांवेर रोडला कारखाना, 22 माणसं. आणि बेसनापासून गिऱ्हाइकाच्या तक्रारीपर्यंत सगळे फोन तुम्हालाच, असं तुम्ही लिहिलंय.

आधी आठवडाभर हे फोन वहीत टिपा: कोणी काय विचारलं, तुम्ही काय सांगितलं. ज्याला तीनदा एकच उत्तर दिलंत त्याचा नियम करून भिंतीवर लावा. उदाहरणार्थ तळणीचं तेल. खाद्यसुरक्षेच्या नियमांनुसार टीपीसी (तळून तळून तेल किती खराब झालं त्याचं माप) 25 टक्क्यांवर गेलेलं तेल वापरता येत नाही. कारागिराच्या हातात मीटर द्या. 22 दिसलं की कढई रिकामी. यात फोन कशाला?

उरलेल्याला रुपयांची हद्द घाला. काउंटरवर 500 पर्यंत माल बदलून किंवा पैसे परत. मॅनेजरला 5,000 पर्यंत दुरुस्ती. बेसन-तेलाला सियागंजच्या घाऊक बाजारातला मागच्या खरेदीचा भाव, वर फार तर 3 टक्के, आणि साठा सात दिवसांचाच. नुसता भाव बांधलात तर 'स्वस्त मिळालं' म्हणून महिन्याचं बेसन येऊन पडतं आणि पावसाळ्यात त्याला कीड लागते.

हद्द 'एका बिलाला' लिहू नका, 'एका कामाला' लिहा. नाहीतर 4,900 ची दोन बिलं येतात. ऑर्डर देणारा, माल मोजून घेणारा आणि पैसे देणारा, तिघं वेगळे हवेत. चालू खात्यावर बँकेकडून मेकर-चेकर घ्या: मुनीम भरेल, मॅनेजर मंजूर करेल, 25,000 च्या वर तुम्ही. एका व्यापाऱ्याला एका दिवसात 10,000 च्या वर रोख नको, तो खर्च आयकरात वजा मिळत नाही.

खरी गोची पुढे आहे. पोराने 300 रुपये परत केले आणि तुम्ही गिऱ्हाइकासमोर 'कशाला दिलेस?' म्हणालात, की दुसऱ्या दिवसापासून 'सेठजी से पूछ के बताता हूँ' सुरू. हद्दीतला चुकलेला निर्णयही त्या दिवशी तसाच राहू द्या, सोमवारी वही उघडून बोला. वडील गल्ल्यावर बसत असतील तर हद्दींचा कागद आधी त्यांना दाखवा. तुम्ही दिलेला अधिकार ते पाच मिनिटांत काढून घेतील, तेही प्रेमाने.

नोकरभरती, विक्रीचे भाव आणि उधारीचे दिवस सध्या स्वतःकडेच ठेवा. आणि हे सगळं दिवाळीच्या तोंडावर सुरू करू नका. गर्दीत आधीच्या हद्दी दुप्पट करता येतात, नव्या शिकवता येत नाहीत.