अरबी गहवा घरी केला तर काळा आणि कडू का होतो?

तुमचा प्रश्न थोडक्यात असा: आखाती देशांत पाहुण्यांना देतात तो सोनेरी, वेलचीच्या वासाचा गहवा, म्हणजे अरबी कॉफी, घरी करून पाहिला. फिल्टर कॉफीच्या पावडरीत वेलची घालून पंधरा मिनिटं उकळलं, तर काळं आणि कडू पाणी झालं. चुकलं कुठे, आणि दूध-साखर केव्हा घालायची?

दूध-साखरेचं आधी सांगते. पारंपरिक गहव्यात दोन्ही घालत नाहीत. गोड हवं असेल त्यासाठी शेजारी खजूर असतो. एक घास खजूर, वर एक घोट गहवा.

आता कडूपणाचं. तुमचं उकळणं बरोबर होतं, पावडर चुकीची होती. फिल्टर कॉफीच्या बिया गडद भाजलेल्या असतात, वर बऱ्याच पुड्यांत चिकोरी (एका मुळाची भाजलेली पूड) मिसळलेली असते. गडद भाजलेली बी ठिसूळ आणि सच्छिद्र होते, त्यामुळे तिचा अर्क गरम पाण्यात चार-पाच मिनिटांत उतरतो. त्यापुढे उकळत राहिलं की फक्त कडवटपणा वाढतो. गहव्याची बी फिकट बदामी रंगावरच उतरवतात. ती घट्ट आणि कठीण राहते, तिच्यातला अर्क सावकाश सुटतो, म्हणून तिला काढ्यासारखं मंद आचेवर उकळावं लागतं. एकाची पावडर आणि दुसऱ्याची कृती अशी जोडी जमत नाही.

सगळ्या अरब देशांत गहवा एकसारखा नसतो, हेही लक्षात घ्या. सर्वांत फिकट, जवळजवळ सोनेरी गहवा सौदी अरेबियातल्या नज्द भागात, म्हणजे रियाधच्या आसपास करतात. अमिरातीत आणि ओमानमध्ये रंग थोडा गडद होतो, ओमानमध्ये गुलाबपाणीही पडतं. जॉर्डन-सीरियाकडच्या बेदुईन, म्हणजे वाळवंटातल्या भटक्या लोकांची कॉफी मात्र गडद, कडू आणि बराच वेळ आटवलेली असते. तुम्ही सोनेरी म्हणताय, म्हणून खाली देते ती नज्दी धाटणीची कृती. काश्मिरी काहव्याशी याची गल्लत करू नका. तो हिरव्या चहाचा असतो.

बिया. कच्च्या, हिरव्या बिया घ्या, त्याही अरेबिका या सौम्य चवीच्या जातीच्या. सौदीत जाझानच्या डोंगरातल्या खौलानी बियांना मोठा मान आहे. २०२२ मध्ये त्यांच्या लागवडीचं पारंपरिक ज्ञान युनेस्कोच्या अमूर्त वारशाच्या यादीत गेलं. इथे भारतात चिकमगळूर किंवा कोडगूची धुतलेली, म्हणजे फळाचा गर पाण्यानं काढून वाळवलेली अरेबिका उत्तम चालते. व्यापारात तिला ‘प्लँटेशन’ म्हणतात, त्यातली ‘ए’ प्रत मागा. रोबस्टा ही कॉफीची दुसरी जात घेऊ नका. फिकट भाजली तरी तिचा तुरटपणा वेलचीखाली लपत नाही. आखातातून कोणी येणार असेल तर तिथली फिकट भाजलेली तयार पावडर मागवता येते, पण पाकिटात वेलची आधीच मिसळलेली आहे का ते पाहून घ्या, नाहीतर प्रमाण दुप्पट होईल.

भाजणं. खरी मेहनत इथे आहे. एका वेळी १५० ग्रॅमपेक्षा जास्त बिया घेऊ नका. खडे आणि काळ्या, किडक्या बिया निवडून टाका. बिडाची कढई मध्यम आचेवर चांगली तापू द्या, बिया घाला आणि आच थोडी कमी करा. उलथनं एकदाही थांबवायचं नाही, कारण थांबलं की एका बाजूला डाग पडतात आणि तेवढीच जळकी चव सगळ्या गहव्यात उतरते.

पहिली तीन-चार मिनिटं बिया नुसत्या पिवळट होतील आणि ओल्या गवताचा वास येईल. या वासावर उतरवल्या तर गहवा कच्चा लागतो. पुढे वास बदलून खरपूस, भाजक्या धान्याचा होतो, पातळ पापुद्रे सुटू लागतात आणि रंग बदामी होतो. साधारण आठ ते दहा मिनिटांत एखाद-दुसरी बी ‘टक्’ असा आवाज करते. तो पहिला आवाज आला की गॅस बंद करून बिया लगेच पसरट ताटात ओता. कढईत ठेवल्या तर आतल्या उष्णतेनं रंग दोन छटा पुढे जातो. सगळ्या बिया तडतडायची वाट पाहिली तर गहवा तांबूस तपकिरी होईल. पिण्यासारखा असेल, पण सोनेरी नसेल.

पंखा लावून लगेच गार करा आणि सुपात पाखडून पापुद्रे काढून टाका. ते राहिले तर गहवा गढूळ होतो आणि घशाला खवखवतो. बिया डब्यात भरून एक दिवस राहू द्या. ताज्या भाजलेल्या बियांतून वायू सुटत असतो, त्यामुळे उकळताना फेस आवरत नाही.

दळणं. फिकट भाजलेली बी दगडासारखी कडक राहते. मिक्सरच्या लहान भांड्यात ५० ग्रॅमच घ्या आणि थांबत-थांबत फिरवा. सलग फिरवलं तर भांडं तापतं आणि वास उडतो. भरड बारीक रव्याइतकी हवी. वस्त्रगाळ पीठ झालं तर ते तळाशी बसतच नाही, कितीही थांबा. जाड कण्या राहिल्या तर पाणचट लागतं. दळल्यावर पिठाच्या चाळणीतून चाळा. खाली पडणारं पीठ बाजूला काढा, वर राहतं ते वापरा.

वेलची. एक लिटर पाण्याला ३० ग्रॅम कॉफी आणि १५ ग्रॅम वेलची, म्हणजे साधारण ६०-७० टपोरे हिरवे वेलदोडे. आकडा ऐकून बिचकू नका. आपल्याकडे शिऱ्यात चार वेलदोडे पुरतात, कारण तिथे वेलची नुसती वासाला असते. गहव्यात चवीचा निम्मा भार तिच्यावरच असतो. सौदीतल्या बऱ्याच घरांत ती कॉफीच्या बरोबरीनं घालतात. वेलदोडे हिरवेगार, भरलेले हवेत. पांढरे, ब्लीच केलेले नकोत, त्यांचा वास निम्मा गेलेला असतो. सालीसकट खलबत्त्यात जाडसर कुटा, तेही उकळायच्या आधी. आणि एक सवय मोडावी लागेल: वेलची बारीक व्हावी म्हणून आपण तिच्यात साखर घालून कुटतो. इथे साखर अजिबात नको. डब्यातली तयार वेलचीपूडही याच कारणासाठी टाळा, तिच्यात बहुतेक वेळा साखर असतेच.

बाकी मसाल्यात लवंगा तीन आणि केशराच्या १५-२० काड्या. चौथ्या-पाचव्या लवंगेनं वेलची दबते, म्हणून हात आखडता ठेवा. केशर चिमटीत चुरून दोन चमचे गरम पाण्यात भिजवा, दुधात नाही. गुलाबपाणी आवडत असेल तर लिटरला एक चहाचा चमचा, अगदी शेवटी. दालचिनी, बडीशेप, मिरी वगैरे घालून त्याचा मसाला चहा करू नका, एवढी माझी कळकळीची विनंती.

उकळणं. उभट, जाड बुडाचं दीड-दोन लिटरचं पातेलं घ्या. पिण्याचं गाळलेलं पाणी वापरा. बोअरच्या जड पाण्यात गहवा बेचव लागतो. एक लिटर पाण्याला खळखळून उकळी येऊ द्या, गॅस बंद करा, मग कॉफी आणि लवंगा घाला. उकळत्या पाण्यात कॉफी टाकली तर फेस सरळ शेगडीवर येतो. एकदा ढवळा आणि मंद आचेवर १२ ते १५ मिनिटं ठेवा. झाकण अर्धवट ठेवायचं. पृष्ठभाग हलत राहिला पाहिजे, उसळता कामा नये.

नंतर गॅस बंद करून पाच मिनिटं पातेल्याला हात लावू नका. गाळ खाली बसू द्या. दुसऱ्या भांड्यात कुटलेली वेलची घ्या आणि वरचं निवळ पाणी सावकाश तिच्यावर ओता. तळाचा दोन बोटं गाळ पातेल्यातच राहू द्या, तो मोह टाळा. आता परत मंद आचेवर तीन ते चार मिनिटं, फक्त. वेलचीचं सुगंधी तेल उडणारं असतं. कॉफीबरोबर सुरुवातीपासून उकळलं तर वास स्वयंपाकघरात पसरतो आणि पेल्यात सालीचा तुरटपणा तेवढा उरतो. खाली उतरवून केशराचं पाणी घाला, पाच मिनिटं झाका, बारीक गाळणीनं थर्मासमध्ये गाळा. पाऊण लिटरच्या आसपास गहवा मिळेल, सहा-आठ जणांना भरपूर.

पारंपरिक भांडं म्हणजे दल्ला, लांब वक्र चोचीची पितळी किटली. तिच्या चोचीत खजुराच्या झाडाचा काथ्या गाळणीसारखा खोचतात. दल्ला नसला तर स्टीलचा थर्मास चालतो, पण त्यात पूर्वी कधी चहा भरलेला नसावा. चहाचा वास झाकणाच्या रबरात बसतो आणि केशराला मारतो.

इतकं करूनही काही बिघडलं, तर चवीवरून कारण ओळखता येतं. आंबटसर, गवताच्या वासाचा झाला तर बिया कच्च्या राहिल्या. पुढच्या वेळी आणखी एक मिनिट भाजा. पाणचट झाला तर वेलची वाढवू नका, भरड बारीक करा किंवा कॉफी ३५ ग्रॅम घ्या. पहिला कप छान आणि तासाभरानंतरचा तुरट, असं झालं तर थर्मासमध्ये वेलचीचा चोथा राहिला आहे. गढूळ असेल तर दहा मिनिटं स्थिर ठेवून वरवरचं ओतून घ्या. उरलेला गहवा पुन्हा उकळू नका, दोन-तीन तासांत संपवा.

देण्याची रीतही कृतीचाच भाग आहे. २०१५ मध्ये अमिरात, सौदी, ओमान आणि कतार या चार देशांनी मिळून अरबी कॉफीची नोंद युनेस्कोच्या यादीत केली, ती नुसत्या पेयासाठी नाही, या आतिथ्यासाठी. दल्ला डाव्या हातात, फिंजान म्हणजे बिनकानाचा छोटा पेला उजव्या हातात. सुरुवात ज्येष्ठ किंवा मानाच्या पाहुण्यापासून. पेला तळापासून पाव, फार तर एक तृतीयांश भरायचा. आपल्याकडे अर्धा कप पुढे केला तर कंजूषपणा वाटेल, तिकडे काठोकाठ भरलेला पेला म्हणजे ‘प्या आणि निघा’ असा इशारा समजतात. थोडा-थोडा भरल्यानं गहवा गरम राहतो आणि यजमान पुन्हापुन्हा विचारत राहतो. पुरे झालं की पाहुणा रिकामा पेला हलवून परत देतो. तोवर वाढणारा ओततच राहतो.

हिरव्या बिया मिळाल्याच नाहीत, तर येमेनचा किश्र करून पाहा. त्यात बी नसतेच, कॉफीच्या फळाची वाळलेली साल असते. काही कॉफी मळे ती ‘कास्कारा’ नावानं विकतात. एक लिटर पाण्यात ४० ग्रॅम साल आणि दोन पेरं ठेचलेलं आलं घालून मंद आचेवर दहा मिनिटं उकळा, गाळा. आवडत असेल तर चिमूटभर दालचिनी इथे शोभते, आणि साखरही चालते. साल वापरण्याआधी गार पाण्यानं एकदा धुऊन घ्या, वाळवताना बसलेली धूळ निघून जाते.