वडिलोपार्जित: यातले वडील कोण?

कोपरखैरण्याच्या एका वाचकाने विचारलंय: गौरीच्या आमंत्रणात 'आमची वडिलोपार्जित गौर' असं लिहिलं, तर आत्या म्हणाली, "गौर काय तुझ्या बापाने कमावली?" चूक कुणाची?

आत्याबाईंनी 'उपार्जित' म्हणजे 'कमावलेलं' हे नेमकं पकडलं, 'वडील' मात्र निसटले. आणि हे निसटणं ऐकून ऐकून कान किटलेत. परवा ठाण्यात एक गृहस्थ सांगत होते, "बाबांनी घेतलेला फ्लॅट, म्हणजे वडिलोपार्जितच की!" नाही हो. बाबांनी पगारातून हप्ते फेडले, तो फ्लॅट स्वकष्टार्जित. पणजोबांपासून चालत आलेलं भाताचं खाचर, ते वडिलोपार्जित.

वडील म्हणजे मुळात वयाने मोठा. प्राकृतात 'वड्ड' म्हणजे मोठा. हिंदीतला 'बडा' त्याचाच भाऊ. म्हणून तर 'वडील बहीण' म्हणता येतं. ज्ञानेश्वरीत 'वडील जें जें करिती' येतं, ते गीतेतल्या 'श्रेष्ठ' या शब्दासाठी. मग बापाला हे नाव कसं चिकटलं? माझं ठाम मत असं की बापाचं नाव तोंडाने घ्यायचं नाही, म्हणून 'घरातले थोर' या अर्थाने 'आमचे वडील' म्हणायची रीत पडली. त्यातलं आदरार्थी बहुवचन अजून सुटलेलं नाही. 'माझा वडील आला' असं मराठी माणूस म्हणणार नाही. 'पितृ'चा प्रवास याच्या बरोबर उलटा! मूळ अर्थ बाप, पण पितृपंधरवड्यात तर्पणाला बाप, आजोबा, पणजोबा सगळे पितरच. वडील आकसले, पितर पसरले.

'वडील' तद्भव म्हणजे रूप बदलत आलेला आणि 'उपार्जित' तत्सम म्हणजे संस्कृतातून जसाच्या तसा घेतलेला, त्यांचा संधी अशुद्ध, असं काही शुद्धिवादी दरडावून सांगतात. त्यांनी ठाण्यात कोर्टनाक्यावर जाऊन 'जिल्हाधिकारी' ही पाटी वाचावी. अरबी 'जिल्हा' आणि संस्कृत 'अधिकारी' यांचा संधी चालतो, आणि आपल्या घरच्या वडिलांना आडकाठी? हा नियम मला मुळीच मान्य नाही.

हां, आमंत्रणाचं राहिलं. जमीनजुमल्याला वडिलोपार्जित म्हणा. गौरीसाठी 'वाडवडिलांपासूनची गौर' लिहा. जुन्या मराठीत 'वाड' म्हणजेही मोठा, आणि माझ्या मते तोही त्याच 'वड्ड'मधून आलाय. म्हणजे वाडवडील हे मोठ्यांतले मोठे, एकच शब्द दोनदा. आत्याबाईंना हे जरूर वाचून दाखवा.