डबिंगचा डब्याशी काय संबंध?

प्रश्न असा आलाय की २००२ चा स्पायडर-मॅन टीव्हीवर हिंदीत लागतो, त्याला 'हिंदीत डब झालेला' म्हणायचं की 'डब केलेला'? सांगतो, पण आधी दुसरंच डोक्यात जातंय. डबिंग म्हणजे भाषांतर, असं जो तो ठोकून देतो. अहो, भाषांतर कागदावर होतं, डबिंग माईकसमोर. आपले हिंदी पिक्चरवाले नट वर्षानुवर्षं स्वतःचेच हिंदी डायलॉग स्टुडिओत जाऊन परत बोलत आलेत, तेही डबिंगच, त्यात भाषांतर कुठून आलं?

फिल्मच्या डब्यावरून डबिंग हे एका काकांचं संशोधन, लग्नाच्या पंगतीत ऐकलंय, सोडून द्या. इंग्रजी जाणणारे शहाणे दुसऱ्या टोकाला, राजा खांद्यावर तलवार टेकवून सरदारकी देतो तो 'डब' घेऊन येतात. तो जुन्या फ्रेंचमधून आलेला वेगळाच शब्द. आपला डब म्हणजे 'डबल'चं शेपूट कापलेलं रूप, आणि डबलच्या मागे लॅटिन 'डुप्लुस', त्यातला 'डु' आपल्या 'द्वि'चा चुलतभाऊ! म्हणजे दुमजली, दुपदरी, दुतोंडी यातला 'दु'. दुतोंडी तर काय चपखल बसतो बघा, एक तोंड पडद्यावर, दुसरं स्टुडिओत. आणि दुभाष! मुंबईत काळा घोड्याला के. दुभाष मार्ग आहे ना, ते आडनाव दोन भाषा बोलणाऱ्या मध्यस्थाच्या धंद्यावरनं पडलेलं. माझं तर म्हणणं, डबिंग आर्टिस्टला सरळ दुभाषच म्हणा. (हो, वर भाषांतर नाही म्हणालो, माहितीये.)

पण खरी तारांबळ ओठांची असते, हिंदी शब्द पडद्यावरच्या ओठांशी जुळायला हवेत. स्पायडर-मॅनचा तो मोठ्या पॉवरबरोबर मोठी रिस्पॉन्सिबिलिटी येते वाला डायलॉग घ्या. 'पॉवर' म्हणताना ओठ मिटतात, 'ताकत' किंवा 'शक्ति' म्हणताना मिटतच नाहीत, क्लोजअपमध्ये लगेच खटकतं. 'रिस्पॉन्सिबिलिटी'ला 'जिम्मेदारी' त्यातल्या त्यात बरी, मधल्या 'म्म'ला तरी ओठ मिटतात. आणि पीटर पार्करनं, म्हणजे स्पायडर-मॅननं, एकदा मास्क चढवला की लिहिणाऱ्याची चंगळच, ओठ दिसतच नाहीत, काय हवं ते बसवा. २००७ ला तिसरा भाग भोजपुरीतही आला, तिथेही मास्कनं किती डायलॉग वाचवले असतील!

हां, ते 'झालेला' की 'केलेला'. दोन्ही चालतं, फक्त आपोआप होत नाही तो, म्हणून मी 'केलेला' म्हणतो.